ओटी, माजघर, मागील दार

मल्याळी चित्रपट सुरू झाला की मी आधी घर बघते. नायक कोण, कोणाचं कोणाशी बिनसलं आहे, हे यथावकाश कळतंच. घर मात्र पहिल्या पाच मिनिटांत बोलायला लागतं. कौलं सरकलेली आहेत की पावसाआधी परतून घेतलेली, ओटीवरची खुर्ची कोणाची, विहिरीचं पाणी कोण ओढतं, पहिलं पान कोणासाठी मांडलं जातं आणि कामाला आलेली बाई कोणत्या दाराने आत येते, एवढं समजलं की अर्धी गोष्ट समजली.

ही सवय आजोळची. राजापूरकडचं घर ते. पुढे खळं, मग ओटी, मग माजघर, सगळ्यात शेवटी मागील दार आणि त्याच्या पलीकडे विहीर, न्हाणी, गुरांचा वाडा. ओटीवर पुरुष बसायचे, माजघरात बायका. ओटीवरच्या गप्पा माजघरात ऐकू यायच्या, माजघरातल्या ओटीवर जायच्या नाहीत. केरळातली जुनी घरं पडद्यावर पाहिली तेव्हा वाटलं, ह्या घरात डोळे मिटून चालता येईल. जांभा तोच, मंगलोरी कौलं तीच, पागोळ्यांखाली ठेवलेली घागरही तीच. मधला चौक तेवढा नवा, आणि घर कोणाच्या वंशाने चालायचं, तेही वेगळं.

मल्याळी सिनेमाने आपल्या समाजाची गोष्ट ह्याच वाटेने सांगितली, असं मला दिसतं. ओटीवर तो पुष्कळ रेंगाळला, मग एकेक उंबरठा ओलांडत आत गेला. पायी चालायला ही वाट वीस-पंचवीस पावलांची. कॅमेऱ्याला ती कापायला काही दशकं लागली.

अडूर गोपालकृष्णन यांचा 'एलिप्पत्तायम' १९८१ चा. नावाचा अर्थ उंदराचा सापळा. त्या काळी रविवारी दुपारी दूरदर्शनवर इतर भाषांतले पुरस्कार मिळवलेले चित्रपट लागायचे. खाली इंग्रजी अक्षरं धावायची, आणि जेवून सुस्तावलेली घरातली मोठी माणसं 'काही घडतच नाही ह्यात' म्हणत आडवी व्हायची. मी जागी राहिले ती उंदरामुळे. ओटीवर एक आरामखुर्ची, तिच्यात उण्णी नावाचा घरमालक. तो वर्तमानपत्र वाचतो, अंगाला तेल लावतो, आरशात बघून पिकलेला केस शोधतो. अंगणात गाय शिरते, झाडाला तोंड लावते. उण्णी उठत नाही. बसल्या जागेवरून बहिणीला हाक मारतो. बहीण हातातलं काम टाकून येते, गाय हाकलते, परत आत जाते. एकदा तो नटूनथटून बाहेर पडतो, वाटेत पाणी साचलेलं दिसतं, आणि पाय भिजायला नकोत म्हणून तसाच माघारी येतो.

घरात त्याच्या दोन बहिणी. मधली राजम्मा निळ्या रंगात, धाकटी श्रीदेवी लाल रंगात. थोरली जानम्मा सासरहून वाटा मागायला येते ती हिरव्यात. राजम्मासाठी स्थळं येतात आणि परत जातात, कारण ती गेली तर ह्याला आयतं पान कोण वाढणार? रात्री सापळ्यात उंदीर सापडतो. सकाळी श्रीदेवी सापळा घेऊन तळ्यावर जाते आणि पाण्यात बुडवते. हे ती एकदा नाही, पुनःपुन्हा करते. आणि दर वेळी कॅमेरा तिच्याबरोबर पूर्ण वाट चालतो, घरापासून तळ्यापर्यंत. घाई नाही. पुढे श्रीदेवी पळून जाते. राजम्मा आजारी पडते तेव्हा तिला उचलून न्यायला बाहेरची माणसं यावी लागतात. उण्णी सगळी दारं लावून आत बसतो, आणि शेवटी त्यालाही लोक फरफटत त्याच तळ्याकडे नेतात.

ह्या खुर्चीमागे मोठा इतिहास आहे. नायर घराण्यांत वंश आईकडून मुलीकडे जाई, पण किल्ल्या असत आईच्या भावाच्या कनवटीला. विसाव्या शतकात कायद्यांनी ही व्यवस्था टप्प्याटप्प्याने मोडली. १९७० पासून लागू झालेल्या जमीन सुधारणेने कुळांना जमिनी मिळाल्या, १९७५ च्या कायद्याने एकत्र कुटुंबाची मालमत्ताच निकालात काढली. उण्णी म्हणजे हे सगळं उलटून गेल्यावर खुर्चीत उरलेला पुरुष. आपल्याला तो परका वाटत नाही. चारच वर्षांनी, १९८५ मध्ये, महेश एलकुंचवारांचं 'वाडा चिरेबंदी' रंगमंचावर आलं. तिथेही अंगणात एक बंद पडलेला ट्रॅक्टर होता, आणि घरातलं कोणी तो तिथून हलवत नव्हतं.

आपल्याकडे हे दुखणं नाटकाने ओळखलं, तिकडे सिनेमानेही. याला कारणं आहेत. पी. एन. पणिक्करांनी १९४५ पासून गावोगावची वाचनालयं एकत्र गुंफली, आणि वाचणारा प्रेक्षक सिनेमाला आयता मिळाला. लेखकही सिनेमापासून सोवळं पाळून राहिले नाहीत. तकळींची 'चेम्मीन' ही कादंबरी १९५६ ची. रामू करियातांनी १९६५ मध्ये तिचा चित्रपट केला आणि राष्ट्रपतींचं सुवर्णपदक केरळात नेलं. बशीर, उरूब, एम. टी. वासुदेवन नायर ह्यांची नावं पुस्तकांच्या पाठीवर जेवढी दिसतात तेवढीच श्रेयनामावलीत. १९६५ मध्येच अडूर आणि त्यांच्या मित्रांनी तिरुवनंतपुरमला 'चित्रलेखा' फिल्म सोसायटी काढली, आणि बर्गमन, कुरोसावा ही नावं लहान गावांतल्या चहाच्या टपरीवर पोचण्याची सोय झाली.

त्यातली काही वाट पुण्यावरून जाते. अडूर, जॉन अब्राहम, के. जी. जॉर्ज, शाजी करुण हे सगळे प्रभात स्टुडिओच्या जागेतल्या फिल्म इन्स्टिट्यूटचे विद्यार्थी. त्याच परिसरात १९६४ मध्ये सुरू झालेलं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय उभं केलं ते पी. के. नायर ह्या मल्याळी माणसाने. फाळक्यांच्या चित्रपटांची उरलीसुरली रिळं शोधून ती जपण्याचं काम त्यांनी केलं. मराठी सिनेमाचं पहिलंवहिलं दप्तर एका तिरुवनंतपुरमच्या गृहस्थाने सांभाळलं, ह्याची आठवण आपण फारशी ठेवत नाही.

जॉन अब्राहम त्या मंडळींतले अवलिया. त्यांनी 'ओडेसा' नावाचा गट काढला, गावोगाव फिरून, चित्रपट दाखवून लोकांकडून पैसे गोळा केले आणि १९८६ मध्ये 'अम्मा अरियान' केला. गोष्टही दारोदारची. एका तरुणाच्या मृत्यूची बातमी त्याच्या आईला सांगायला एक जण वायनाडहून कोचीकडे निघतो. वाटेत मेलेल्याच्या मित्रांची घरं लागतात, प्रत्येक घरातून एखादा जण त्याच्याबरोबर निघतो, आणि बहुतेक प्रत्येक दारात एक आई उभी असते. पैसे ज्या रीतीने जमवले त्याच रीतीने गोष्ट सांगितली, असं दुसरं उदाहरण मला ठाऊक नाही.

ओटी ओलांडली की देवघर. एम. टीं.नी स्वतः दिग्दर्शित केलेला 'निर्माल्यम' १९७३ चा. देवीचा संचार अंगात येणारा, हातात तलवार आणि पायात चाळ घालून कौल देणारा वेलिच्चपाड ही त्या देवळाची परंपरेची असामी. आपल्याकडच्या जत्रेत वारं येणारा माणूस ज्याने पाहिला आहे त्याला ओळख पटायला वेळ लागत नाही. देऊळ ओस पडलं आहे, उत्पन्न नाही, नवी पिढी नोकरीच्या मागे. वेलिच्चपाडाच्या घरात चूल पेटत नाही. गावात देवीची साथ येते, त्याबरोबर लोकांना देवी आठवते आणि उत्सव ठरतो. उत्सवाच्या दिवशी तो घरी येतो तेव्हा उधारी देणारा दुकानदार त्याच्या घरातून बाहेर पडताना दिसतो. बायको सांगते ते असं, की तुम्ही देवीला सांभाळत होतात तेव्हा मुलांना मी सांभाळलं. तो काही बोलत नाही. देवळात जातो, नाचतो, तलवारीने कपाळ फोडून घेतो, आणि तोंडात आलेलं रक्त मूर्तीवर थुंकतो. त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार ह्याला मिळाला, वेलिच्चपाड झालेल्या पी. जे. अँटनींना अभिनयाचा. आज असा शेवट चित्रित करायला कोण धजेल, ह्याचा विचार मी पुष्कळदा करते. पण मला त्याहून जास्त आठवते ती विझलेली चूल. सिनेमा तिच्याजवळ आला होता, तिच्यापाशी थांबला नाही. त्याला देवळात जायची घाई होती.

माडीवरची कुलूपबंद खोली सगळ्या भारताने पाहिली, फक्त दुसऱ्या नावाने. फाझिल यांचा १९९३ चा 'मणिचित्रताळु' हिंदीत 'भूलभुलैया' झाला, त्याआधी कन्नड आणि तमिळमध्येही गेला. हिंदीत घराची हवेली झाली, झुंबरं आली, आरडाओरडा वाढला. मूळ चित्रपटात भीती आहे ती लाकडात: करकरणारे जिने, पॉलिश उतरलेली दारं, माणसाच्या वजनाने वाकणारी जमीन. त्यातलं काही चित्रण पद्मनाभपुरमच्या जुन्या लाकडी राजवाड्यात झालं आहे. शहरातून आलेली सून ती खोली उघडते आणि पूर्वी तिथे मारल्या गेलेल्या नर्तकीची होते. मांत्रिक येतो, मानसोपचारतज्ज्ञही येतो, आणि दोघे एकमेकांना खोटं न पाडता काम करतात. मला हे फार केरळी वाटतं. साक्षरता आहे, पंचांगही आहे. दोघांनी एका ओसरीवर चहा घ्यायला हरकत नाही.

मग नवी घरं आली. आखातातल्या पैशाची, सिमेंटची, गुलाबी-पोपटी रंगांची, पुढे मोठं फाटक आणि आत म्हातारे आईवडील. १९८७ च्या 'नाडोडिक्काट्टु'मधले दासन आणि विजयन दुबईला म्हणून गलबतात बसतात आणि उतरतात मद्रासच्या किनाऱ्यावर. सगळं केरळ हसलं, कारण फसवला गेलेला कोणी ना कोणी प्रत्येकाच्या ओळखीत होता. १९८९ च्या 'वरवेल्पु'मधला मुरली आखातातून परत येऊन साठवलेल्या पैशाची बस घेतो, आणि संघटना, नातेवाईक, सरकारी कचेऱ्या यांच्या चरकातून पिळून निघतो. कामगार चळवळीचा अभिमान बाळगणाऱ्या राज्यात कामगार संघटनेची अशी फिरकी घेतली गेली आणि लोकांनी ती डोक्यावर घेतली. २०१५ च्या 'पत्तेमारी'त मात्र हसू नाही. गलबतातून उडी टाकून अरबी किनारा गाठणारा नारायणन पुढचं आयुष्य परक्या मुलखातल्या दाटीवाटीच्या खोलीत, एका खाटेवर काढतो. त्याच्या पैशाने गावात भिंती चढतात. तो त्या घरात पाहुणा. रत्नागिरी-सिंधुदुर्गातल्या, गणपतीला उघडणाऱ्या आणि नंतर वर्षभर कुलूप मिरवणाऱ्या घरांत ज्यांचं लहानपण गेलं, त्यांना नारायणनची ओळख करून द्यायला नको. आपला मुंबईकर चाकरमानी निदान शिमग्याला येऊ शकत होता.

जेवणाच्या टेबलापर्यंत सिनेमा पोचला 'कुंबळंगी नाइट्स'मध्ये, २०१९ साली. कोचीजवळचं कुंबळंगी हे खाडीतलं गाव. तिथे दोन घरं. एकात चार भाऊ राहतात. विटांना गिलावा नाही, घराला दारं नाहीत, आणि धाकटा फ्रँकी शाळेतून सुट्टीला येतो तेव्हा मित्रांना घरी आणायला लाजतो. दुसरं घर नीटनेटकं, पडदे लावलेलं, विधवा आई आणि दोन मुलींचं. थोरलीचा नवरा शम्मी तिथे घरजावई म्हणून येतो. घरजावयाने अंग चोरून राहावं, ही आपल्याकडची समजूत. शम्मी येतो तो जेवणाच्या टेबलाच्या टोकाची खुर्ची ताब्यात घेऊनच.

त्याचा एक प्रसंग मी थांबवून थांबवून पाहिला आहे. सकाळची वेळ, न्हाणीघरातला आरसा. शम्मी मिशा कोरतो आहे. स्वतःकडे बघून प्रसन्न हसतो, जाहिरातीतला परिपूर्ण पुरुष तो हाच, अशी स्वतःची खात्री करून घेतो. मग त्याचं लक्ष आरशावर चिकटवलेल्या टिकलीकडे जातं. बायकांच्या घरातला आरसा. टिकली तिथेच असणार. शम्मी वस्तऱ्याचं पातं घेतो आणि ती टिकली खरवडून काढतो, काळजीपूर्वक, काचेला ओरखडा न पाडता. एवढंच. अजून त्याने कोणावर हात उगारलेला नाही, आवाजही चढवलेला नाही. पण घरातल्या बायकांचं पुढे काय होणार, ते त्या पात्याच्या आवाजात कळतं. आणि ज्या घराला दारंच नाहीत, तिथला थोरला भाऊ साजी मानसोपचाराच्या दवाखान्यात डॉक्टरच्या खांद्यावर हमसून हमसून रडतो, त्याच्यामुळे जीव गमावलेल्या तमिळ सोबत्याच्या गरोदर बायकोला घरी आणतो. मोडक्या घरात माणसं येत राहतात आणि सजवलेल्या घरातून सुटू बघतात.

स्वयंपाकघर यायला २०२१ उजाडलं. 'एलिप्पत्तायम'पासून बरोबर चाळीस वर्षं. जिओ बेबी यांच्या 'द ग्रेट इंडियन किचन'मधल्या नवराबायकोला नावंच नाहीत. मोठ्या प्रदर्शन-मंचांनी सुरुवातीला तो घेतला नाही. जानेवारीत एका लहानशा मल्याळी मंचावर तो आला आणि मग तोंडोतोंडी देशभर पोचला. मी तो दुपारी पाहिला, सिंकमध्ये खरकटी भांडी तशीच ठेवून, आणि मधेच उठून ती घासून आले. बसवेना.

त्यातला सासरा वाईट माणूस नाही. आवाज चढवत नाही, सुनेला 'बाळ' म्हणतो. फक्त त्याला ब्रश हातात आणून द्यावा लागतो. भात कुकरमधला चालत नाही, चुलीवरचा लागतो. चटणी मिक्सरमधली नको, पाट्यावरची हवी. कपडे यंत्रात नकोत, हाताने धुतलेले बरे. सगळं लाडाने, हसतमुखाने. जेवताना बापलेक शेवग्याच्या शेंगा चोखून चोथा टेबलावरच टाकतात, आणि त्यांच्यानंतर त्याच टेबलावर बायका जेवायला बसतात. सिंकखालचा नळ गळतो. नवऱ्याला प्लंबर आणायला सांगितलेलं असतं, तो विसरतो. खाली भांडं ठेवलेलं. ते भरतं, ती ओतते, पोतं पिळते, पुन्हा भरतं. कॅमेरा मोरीच्या पातळीवर बसून ते गढूळ पाणी दाखवत राहतो. रात्री बिछान्यात तिला स्वतःच्या हातांना तोच वास येत राहतो. मग पाळी येते, आणि जी खोली तिला एक क्षण सोडवत नव्हती तिच्यात पाऊल टाकायची तिला बंदी होते. बाहेर शबरीमलाच्या २०१८ च्या निकालावरून वाद पेटलेला, घरात नवरा व्रतस्थ. शेवटी तेच सांडपाणी ती चहाच्या कपातून त्यांना देते, बादलीने तोंडावर फेकते आणि निघून जाते.

'निर्माल्यम'मध्ये सिनेमा ज्या चुलीजवळून घाईने गेला, तिच्यापुढे इथे तो शंभर मिनिटं बसून राहिला. केरळ म्हणजे शिकलेल्या बायका, केरळ म्हणजे परिचारिका, केरळ म्हणजे देशातले अव्वल आकडे, हे आपण भूगोलाच्या पुस्तकापासून ऐकतो. आकडे खरेच आहेत. हा चित्रपट त्या आकड्यांच्या घरात मागच्या बाजूने शिरला.

आता मागील दार. गंमत अशी, की सिनेमा तिथे फार आधी येऊन गेला होता. १९५४ च्या 'नीलक्कुयिल'मध्ये पावसाच्या रात्री नीली ही दलित मुलगी शिक्षकाच्या घरी आडोशाला येते. दार उघडतं ते एका रात्रीपुरतं. दिवस गेल्यावर तेच दार तिला बंद होतं. तिच्या मुलाला शेवटी त्या घरात जागा मिळते, तिला मिळत नाही. ती मेलेली असते. त्याच्याही आधी, मूकपटांच्या काळात, जे. सी. डॅनिएल यांनी मल्याळममधला पहिला चित्रपट काढला, 'विगतकुमारन'. त्यात पी. के. रोझी ह्या दलित मुलीने नायर घरातल्या बाईचं काम केलं. सांगतात ते असं, की नायकाने तिच्या केसातलं फूल हुंगल्याचं दृश्य आलं आणि तिरुवनंतपुरमच्या थिएटरात दगड सुरू झाले. तिच्या झोपडीवर लोक चालून गेले, ती तमिळ मुलखात निघून गेली आणि पुन्हा कधी पडद्यावर आली नाही. चित्रपटाची प्रत उरलेली नाही. पडद्यावरच्या घरातही जिचं असणं सोसलं गेलं नाही, तिच्यापासून ह्या सिनेमाची सुरुवात आहे.

नंतर बराच काळ ह्या दाराशी कोणी फिरकलं नाही. अंजली मेनन यांच्या 'मंजाडिकुरु'मध्ये आजोबांच्या दिवसकार्यासाठी सगळं कुटुंब जमतं, वाटण्यांवरून कुजबुज सुरू होते, आणि त्या गर्दीत मुलांना दिसते ती घरात राबणारी, त्यांच्याच वयाची तमिळ मुलगी रोजा. मोठ्यांना ती दिसतच नाही. २०१६ मध्ये राजीव रवींच्या 'कम्मट्टिपाडम'ने एर्णाकुळमच्या चकचकीत इमारतींखालची शेतं उकरून दाखवली. ती शेतं कसणाऱ्यांनाच हाताशी धरून ती त्यांच्याकडून कशी काढून घेतली गेली, ते दाखवलं. त्याच वर्षी विधू विन्सेंट यांनी 'मॅनहोल' केला, गटारात उतरणाऱ्या माणसांवर. घराचं सांडपाणी शेवटी जातं कुठे, हा प्रश्न 'किचन'च्या आधीच विचारून झाला होता. ऐकणारे कमी होते.

ह्या सिनेमातलं एक घर महाराष्ट्रातही आहे. पायल कपाडियांच्या 'ऑल वी इमॅजिन ॲज लाइट'मधल्या प्रभा आणि अनू ह्या मुंबईतल्या मल्याळी परिचारिका, एका खोलीत राहणाऱ्या. २०२४ मध्ये त्याला कान महोत्सवात ग्रां प्री मिळाली. त्याआधी तिथल्या मुख्य स्पर्धेत पोचलेला भारतीय चित्रपट होता शाजी करुण यांचा 'स्वहम', तीस वर्षांपूर्वीचा. प्रभाचा नवरा लग्नानंतर जर्मनीला गेला तो गेलाच. एक दिवस तिकडून लाल रंगाचा राइस कुकर येतो, चिठ्ठी नाही, नाव नाही. रात्री प्रभा ओट्याखालून तो ओढते, जमिनीवर बसते आणि त्याला कवटाळते. छाया कदम यांची पार्वती त्याच रुग्णालयात स्वयंपाक करते. बिल्डर तिची खोली पाडायला निघालेला, राहिल्याचा कागद हाताशी नाही, म्हणून ती रत्नागिरीकडे आपल्या गावी परतते आणि ह्या दोघी तिला पोचवायला जातात. माझ्या आजोळच्या किनाऱ्यावर दोन मल्याळी बायका सामान उतरवताना पाहिल्या, आणि ह्या दोन मुलखांमधलं साम्य कौलांपुरतं नाही हे दिसलं. दोन्हीकडचे पुरुष समुद्रापलीकडे किंवा घाटापलीकडे गेले, आणि घर कोणाचं हा प्रश्न बायकांवर टाकून गेले.

सगळ्यांची घरं उघडून दाखवणाऱ्या ह्या सिनेमाने स्वतःचं घर मात्र बरीच वर्षं लावून घेतलं होतं. २०१७ मध्ये कोचीत एका अभिनेत्रीवर गाडीत अत्याचार झाला. त्यानंतर ह्या क्षेत्रातल्या बायकांनी एकत्र येऊन संघटना काढली आणि सरकारला समिती नेमायला लावली. निवृत्त न्यायमूर्ती हेमा अध्यक्ष. सदस्यांत होत्या अभिनेत्री शारदा. 'एलिप्पत्तायम'मधली राजम्मा ती ह्याच शारदांनी उभी केली होती; भावाच्या हाकेसरशी उठणारी, स्वतःचं दुखणं गिळणारी. आता त्या इतर बायकांच्या जबान्या ऐकायला बसल्या. अहवाल २०१९ च्या अखेरीस सरकारकडे गेला आणि साडेचार वर्षांहून जास्त काळ तिथेच पडून राहिला. २०२४ च्या ऑगस्टमध्ये बाहेर आला तोही काही पानं वगळून. त्यात मोठमोठ्या आरोपांच्या बरोबरीने एक साधी नोंद आहे: चित्रीकरणाच्या जागी बायकांना कपडे बदलायला खोली नाही, संडास नाही, म्हणून त्या दिवसभर पाणी पीत नाहीत.

सिनेमा समाजाचा आरसा असतो, असं आपण सरसकट म्हणून टाकतो. आरसा घरात कुठे टांगला आहे, ते कोणी विचारत नाही. ओटीवर टांगला तर ओटी दिसणार. मल्याळी सिनेमाने तो हलवत हलवत मोरीपर्यंत नेला, आणि ते करताना घरच्यांचा रोष पत्करला. हे काम मुख्यतः पुरुष दिग्दर्शकांनी, आणि बहुतेक वेळा घराच्या आतल्या माणसांनी केलं, हेही खरं. मागील दाराबाहेर उभं राहून घराकडे बघणारी नजर तिथे अजून दुर्मीळ आहे. ह्या एका बाबतीत मराठी माणसाला मान वर करून बोलता येतं. नागराज मंजुळे यांच्या 'फँड्री'ने २०१३ मध्येच कॅमेरा गावाबाहेर रोवला आणि जब्याने तिथून थेट आपल्यावर दगड भिरकावला. आपलं स्वयंपाकघर मात्र पडद्यावर अजून त्या धीराने कोणी दाखवलेलं नाही. मल्याळी बायकांच्या त्या संघटनेने २०१९ मध्ये एक फिल्म सोसायटी सुरू केली आणि तिला नाव दिलं पी. के. रोझीचं. नावाने काही बदलत नाही, असं म्हणणारे असतील. पण घर कोणाच्या नावावर आहे ह्यावरून पिढ्यान्‌पिढ्या भांडलेल्या मुलखात नाव लावणं ही किरकोळ गोष्ट नाही. सातबाऱ्यावर आधी नाव चढतं, मग ताबा मागता येतो.